दगडातल्या शिंगाची कुळकथा

आपल्याकडे पुष्कळांच्या देवघरात शाळिग्राम असतो. कार्तिकात तुळशीचे लग्न लागते तेव्हा त्याला मानाने पाटावर बसवतात. काळाभोर, गुळगुळीत, हाताला गार लागणारा हा गोटा येतो नेपाळातून, काली गंडकी नदीच्या पात्रातून. कित्येक शाळिग्रामांवर गोल गोल वळत गेलेली एक रेखीव खूण असते. तिला आपण चक्र म्हणतो. चक्रे किती, द्वार कोठे, रंग कसा, हे नीट पाहून जुन्या जाणत्यांनी शाळिग्रामांचे प्रकार पाडले आणि त्यांना लक्ष्मीनारायण, नृसिंह, सुदर्शन अशी नावे दिली. म्हणजे वस्तू बारकाईने पाहणे, सारखेपणा आणि वेगळेपणा हेरणे, आणि मग नाव देणे, हा उद्योग आपल्याला नवा नाही.

त्या चक्राची आणखी एक ओळख आहे. श्रद्धा आपल्या जागी राहू द्या. ही ओळख तिच्या आड येत नाही. ते चक्र म्हणजे फार प्राचीन काळी समुद्रात राहणाऱ्या एका प्राण्याच्या शंखाची खूण आहे. या प्राण्याला शास्त्रात ॲमोनाइट म्हणतात. आज तो जगात कोठेही जिवंत नाही. त्याचे शंख तेवढे दगड होऊन राहिले आहेत. अशा दगड झालेल्या अवशेषांना आपण जीवाश्म म्हणतो.

ॲमोनाइट हे नाव कसे पडले, तेही सांगण्यासारखे आहे. प्राचीन मिसर देशात आमोन नावाचा देव होता आणि त्याला मेंढ्याची शिंगे दाखवीत. आपल्या राहुरी तालुक्यातून धनगरांचे वाडे जातात, त्यांतला एखादा जाणता मेंढा डोळ्यांपुढे आणा. कानाभोवती वळसा घेतलेले, आडव्या वळ्यांचे ते शिंग! हुबेहूब तसा आकार दगडात पाहून युरोपातल्या लोकांनी त्याला आमोनचे शिंग म्हटले. त्यावरून ॲमोनाइट. म्हणूनच बहुतेक ॲमोनाइटांच्या नावाच्या शेवटी ‘सेरास’ असे येते. सेरास म्हणजे ग्रीक भाषेत शिंग.

आता हा प्राणी होता तरी कसा? गोगलगाईसारखा, असे शंख पाहून वाटेल. पण तो गोगलगाईपेक्षा कोकणच्या किनाऱ्यावर मिळणाऱ्या माकुळाचा जवळचा नातलग. डोक्यापाशीच हातासारखे अवयव असलेले हे प्राणी. म्हणून त्यांच्या वर्गाला शीर्षपाद म्हणतात. ॲमोनाइटाचा शंख आतून एकसंध पोकळ नसे. त्यात खोल्या असत. प्राणी राहायचा सर्वांत बाहेरच्या खोलीत. अंग वाढले की तो पुढे सरके आणि मागे एक पडदा बांधून जुनी खोली बंद करी. वाड्यात बिऱ्हाड पुढच्या सोप्यात न्यावे आणि मागच्या खोल्या एकेक करून बंद कराव्यात, तसा हा प्रकार. मात्र त्या बंद खोल्या वाया जात नसत. एक बारीक नळी सगळ्या खोल्यांतून जाई. तिच्यावाटे आतले पाणी शोषले जाई आणि त्या जागी वायू भरे. त्यामुळे जड शंख घेऊनही प्राण्याला पाण्यात तरंगता येई.

यातली एक गोष्ट नीट ध्यानात ठेवा. मागच्या खोल्या टाकून दिल्या जात नाहीत, त्या शंखातच राहतात. म्हणजे ॲमोनाइटाचे बालपण त्याच्या पोटात जपलेले असते. शंख मधोमध कापला तर आतल्या वळ्यात त्याचे लहानपण आणि बाहेरच्या वळ्यात त्याचे थोरपण, असा अख्खा जन्म वाचता येतो. पुढे आपल्याला याचा उपयोग होणार आहे.

बंद खोलीचा पडदा शंखाच्या बाहेरच्या भिंतीला जेथे चिकटतो, तेथे एक रेघ उमटते. वरचे कवच झिजले की ती दिसू लागते. तिला आपण शिवण म्हणू. ही शिवण म्हणजे ॲमोनाइटाचा जणू अंगठ्याचा ठसा. प्राचीन ॲमोनाइटांसारख्या प्राण्यांत ती साधी नागमोडी असे. पुढच्या काळात तिच्या एका बाजूच्या वळणांना दाते फुटले. नंतरच्या खऱ्या ॲमोनाइटांत ती इतकी नक्षीदार झाली की कोथिंबिरीच्या पानाची कड आठवावी. ॲमोनाइटांचा अभ्यासक आधी ही शिवण शोधतो. बाहेरचा आकार फसवतो, शिवण सहसा फसवीत नाही.

आता वर्गीकरणाकडे वळू. शाळेच्या पुस्तकात संघ, वर्ग, गण, कुल, प्रजाती, जाती ही उतरंड मुले घोकतात. घोकतात खरी, पण ती नाती सांगते हे त्यांच्या मनात ठसत नाही. गुरुजनांनी हे आपल्या गावच्या रीतीने समजावून द्यावे. जाती म्हणजे माणसाचे स्वतःचे नाव, प्रजाती म्हणजे आडनाव, कुल म्हणजे भावकी. हजेरीपटावर आपण आडनाव आधी लिहितो आणि नाव मागून. शास्त्रातले नावही तसेच लिहितात, आधी प्रजाती आणि मग जाती. आपल्या शेतातली ज्वारी, बाजरी, गहू आणि ऊस ही वेगवेगळ्या आडनावांची मंडळी, पण भावकी एकच, गवताची. बांधावरची हरळीसुद्धा त्याच भावकीतली! शेतकरी हरळीला वैरी मानतो आणि उसाला लक्ष्मी मानतो. नाते मात्र दोघांचेही तेच राहते. वर्गीकरण उपयोगावर चालत नाही आणि दिसण्यावरही चालत नाही. ते चालते रक्ताच्या नात्यावर.

कोणी विचारील, आमच्या राहुरीच्या दगडात असा ॲमोनाइट सापडेल का? नाही सापडणार. विहीर खोदणाऱ्याला आपली भूमी चांगली ठाऊक असते. आधी काळी माती, मग मुरूम, मग मांजऱ्या, मग घणाला दाद न देणारा काळा पाषाण. मधूनच पांढरे चकाकणारे स्फटिक निघतात. हा सगळा खडक जमिनीच्या भेगांतून वर आलेल्या तप्त रसाचा आहे. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी या रसाचे थरावर थर पसरले आणि थिजले. १९९३ च्या भूकंपानंतर किल्लारीला खोल भोक पाडून पाहिले, तेव्हा तेथे या काळ्या खडकाची जाडी ३३८ मीटर भरली. सह्याद्रीत तर ती याहून पुष्कळ जास्त आहे. तप्त रसाच्या खडकात सागरी शंख कोठून मिळणार? भारतात ॲमोनाइट मिळतात ते कच्छात, हिमालयातल्या स्पितीत, तामिळनाडूत तिरुचिरापल्लीच्या बाजूला, आणि आपल्याला त्यातल्या त्यात जवळ म्हणजे नर्मदेच्या खोऱ्यात.

राहुरीहून नाकासमोर उत्तरेकडे निघालात, तर सरळ रेषेत सुमारे सव्वातीनशे किलोमीटरांवर बाग हे गाव लागते. वाटेत तापी ओलांडावी लागते, सातपुडा चढावा लागतो, नर्मदा पार करावी लागते. मध्य प्रदेशाच्या धार जिल्ह्यातले हे गाव प्राचीन लेण्यांसाठी प्रसिद्ध आहे. पूर्वी ते शिंद्यांच्या ग्वाल्हेर संस्थानात होते. या भागात आपल्या काळ्या पाषाणाच्या खाली चुनखडीचे थर उघडे पडले आहेत. सुमारे ९ कोटी वर्षांपूर्वी पश्चिमेकडून समुद्राचा एक फाटा नर्मदेच्या खोऱ्यात शिरला होता, त्या समुद्राचा हा गाळ. वाळूखडक सर्वांत खाली, त्यावर गाठागाठींची चुनखडी, त्यावर चुन्याची चिकणमाती आणि प्रवाळासारखे अवशेष असलेली चुनखडी. यांतल्या गाठाळ चुनखडीत ॲमोनाइट सापडतात. चिराखान गावाच्या आसपासची जागा त्यासाठी अभ्यासकांना परिचित आहे.

या बागच्या ॲमोनाइटांतला मुख्य मानकरी म्हणजे प्लासेंटिसेरास ही प्रजाती. मीक या अमेरिकन शास्त्रज्ञाने १८७६ साली तिला हे नाव दिले. प्लासेंटा म्हणजे लॅटिन भाषेत चपटी पोळी; म्हणजे प्लासेंटिसेरास याचा अर्थ झाला भाकरीच्या आकाराचे शिंग. नाव अगदी सार्थ आहे. शंख तव्यावरच्या भाकरीसारखा चपटा आणि गोल. बाहेरचे वळे आतल्या वळ्यांना जवळजवळ झाकून टाकते, म्हणून मधली बेंबी लहान. बाहेरची कड अरुंद आणि सपाट, तिच्या दोन्ही बाजूंना कंगोरा. काही शंखांवर बेंबीभोवती टेंगळे. आणि शिवणीत कितीतरी लहानमोठी वळणे, एकाला एक लागून. या प्रजातीची उतरंड अशी लागते : मृदुकाय संघ, शीर्षपाद वर्ग, ॲमोनॉइडिया उपवर्ग, ॲमोनिटिडा गण, प्लासेंटिसेराटिडी कुल, प्लासेंटिसेरास प्रजाती. यातले कुल हायट या अभ्यासकाने १९०० साली मांडले.

इथवर सगळे सोपे वाटेल. खरी मौज आणि खरी अडचण पुढेच आहे.

विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण खात्याच्या व्रेडेनबर्ग यांनी बागचे ॲमोनाइट तपासले. एका जातीला त्यांनी तेव्हाचे व्हाइसरॉय लॉर्ड मिंटो यांच्यावरून प्लासेंटिसेरास मिंटोई असे नाव दिले. त्याच खडकातले दुसरे काही चपटे शंख त्यांना निराळे वाटले. त्यांच्यासाठी त्यांनी नवी प्रजाती केली, नामाडोसेरास, म्हणजे नर्मदेचे शिंग. त्यांतल्या एका जातीला शिंद्यांचे नाव दिले. पुढे अभ्यासकांनी तुलना केली तेव्हा दिसले, की हे नर्मदेचे शिंग म्हणजे हायट यांनी १९०३ सालीच नाव दिलेली कोइलोपोसेरास ही प्रजाती. अशा वेळी नियम असा आहे, की ज्याचे नाव आधी त्याचा मान. नर्मदेचे नाव मागे पडले. मनाला थोडी चुटपुट लागते खरी, पण नियम सगळ्यांना सारखा.

येथे एक गोष्ट फार शिकण्यासारखी आहे. प्लासेंटिसेरास आणि कोइलोपोसेरास, दोघेही चपटे, दोघेही एकाच खडकात. पाहणारा म्हणेल, सख्खे भाऊ. पण शिवण आणि कडेची घडण सांगते, की यांची घराणी वेगळी आहेत. दोघांना पाण्यातून कापत जायचे होते, म्हणून दोघांनी चपटा आकार घेतला. वटवाघूळ पाखरासारखे उडते म्हणून ते पाखरू होत नाही, आणि देवमासा माशासारखा पोहतो म्हणून तो मासा होत नाही, तसेच हे.

बागच्या या शंखांच्या अभ्यासात मराठी माणसाचाही वाटा आहे. प्रा. जी. डब्ल्यू. चिपळूणकर यांनी १९४१ साली बागच्या ॲमोनाइटांवर लेख प्रसिद्ध केला. पुढे पुण्याच्या महाराष्ट्र विज्ञानवर्धिनी या संस्थेत त्यांनी जीवाश्मशास्त्राची मोठी परंपरा उभी केली. १९७६ साली त्यांनी एम. ए. घारे यांच्यासह बागच्या ॲमोनाइटांचा पुन्हा आढावा घेतला आणि आणखी नावे सुचवली.

मग एवढ्या लहानशा मुलखात एकाच प्रजातीच्या खरोखर किती जाती होत्या? हा प्रश्न कोलकात्याच्या जादवपूर विद्यापीठातल्या अभ्यासकांनी घेतला. त्यांच्या ध्यानात आले, की वेगळेपणाची कारणे अनेक असू शकतात. पहिले कारण वय. पोराच्या शंखावर टेंगळे नसतील आणि थोराच्या शंखावर असतील, तर दोघांना दोन नावे देणे म्हणजे वासराला एक आणि बैलाला दुसरे जनावर मानणे. त्याची परीक्षा कशी करायची? मघाशी सांगितले ते येथे कामाला येते. मोठ्या शंखाची आतली वळी उघडून पाहा; त्याचे लहानपण तेथे आहेच. दुसरे कारण नर आणि मादी. १९६० नंतरच्या काळात युरोपातल्या अभ्यासकांनी दाखवून दिले, की एकाच थरात सापडणारे एक मोठे आणि एक लहान अशा ॲमोनाइटांची लहानपणीची वळी सारखीच असतात. वेगळेपणा वाढ संपताना येतो. म्हणजे ती जोडपी असली पाहिजेत. मोठा शंख मादीचा असावा असे बहुतेक मानतात. वर्षानुवर्षे नवरा-बायकोला दोन वेगळ्या आडनावांनी वेगवेगळ्या वह्यांत लिहून ठेवले होते म्हणायचे! तिसरे कारण, एकाच जातीत असणारा माणसामाणसांतला फरक. आणि चौथे, दगडांच्या भाराखाली शंख दबून वाकडा होणे.

हे सगळे ध्यानात घेऊन बर्धन, गंगोपाध्याय आणि मंडल यांनी २००२ साली बागच्या शंखांची गाठ दक्षिण आफ्रिकेत सापडणाऱ्या प्लासेंटिसेरास काफ्रारियम या जातीशी घातली. उलट २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या एका लेखात मिंटोई या जातीचा पुन्हा विचार करून गाठाळ चुनखडीचा काळ थोडा आधीचा मांडला आहे. म्हणजे हा विषय अजून मिटलेला नाही.

तुम्ही म्हणाल, मिंटोई म्हटले काय आणि काफ्रारियम म्हटले काय, आमचे काय अडले? अडते ते असे. ॲमोनाइटांच्या जाती भराभर बदलत गेल्या. एक जाती थोडा काळ टिके, समुद्रातून दूरवर पसरे आणि नाहीशी होई. म्हणून ती जाती ज्या थरात सापडली त्या थराची तारीख त्यावरून कळते. जुन्या कागदावर कोणत्या राजाचा शिक्का आहे हे पाहून आपण कागदाचा काळ ठरवतो, तसा ॲमोनाइट हा खडकावरचा शिक्का आहे. शिक्का चुकीचा वाचला की तारीख चुकली. बागच्या चुनखडीचा काळ ट्युरोनियन की त्यानंतरचा कोनियासियन, हा वाद याच शिक्क्याच्या वाचनाचा आहे. समुद्र नर्मदेच्या खोऱ्यात केव्हा आला, किती वेळा आला, हे त्यावर ठरते. त्याहून मोठी गोष्ट अशी, की तीच जाती जर बागला आणि आफ्रिकेच्या दक्षिणेला सापडत असेल, तर त्या काळी या दोन किनाऱ्यांमध्ये तिला ये-जा करता येत होती. आपला भारत आफ्रिका आणि मादागास्कर यांच्यापासून सुटून उत्तरेकडे सरकत आला आहे. तो त्या वेळी किती दूर आला होता, याचे माप या भाकरीएवढ्या शंखावरून घ्यायचे! नाव बरोबर असेल तर माप बरोबर.

पुढे काय झाले ते आपल्या पायाखालच्या मातीशी जोडलेले आहे. सुमारे ४० कोटी वर्षांपूर्वी या घराण्याचे पूर्वज समुद्रात आले. कितीतरी संकटांतून ते वाचले. आणि ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी ते संपले, त्याच वेळी भूमीवरचे डायनोसॉरही गेले. त्या सुमारास आकाशातून एक मोठी शिळा मेक्सिकोच्या बाजूला येऊन आदळली होती आणि इकडे दख्खनवर तप्त रसाचे लोट चालले होते. या नाशात कोणाचा वाटा किती, यावर अजून अभ्यास चालू आहे. पण एवढे खरे, की राहुरीचा ऊस ज्या काळ्या मातीत उभा आहे, ती माती त्या लोटांच्या खडकाची झीज होऊन बनलेली आहे. आपल्याकडे ॲमोनाइट नाही, पण त्याच्या अखेरच्या दिवसांचा खडक आपल्या विहिरीत आहे. त्याचा दूरचा नातलग, मोतिया शंखाचा नॉटिलस, अजून हिंदी आणि प्रशांत महासागरात जिवंत आहे. त्याच्या खोल्यांची शिवण मात्र साधीच राहिली.

आता शेवटी गुरुजनांसाठी दोन शब्द. बाजारात, यात्रेत, प्रेक्षणीय स्थळी घासूनपुसून चकचकीत केलेले ॲमोनाइट विकायला येतात. पेपरवेट म्हणून टेबलावर छान दिसतात. पण तो कोणत्या गावचा, कोणत्या थरातला, हे विक्रेत्याला ठाऊक नसते. गाव हरवलेला ॲमोनाइट म्हणजे शिक्का आहे पण कागद फाडून टाकलेला. शोभेला ठीक, ज्ञानाला निरुपयोगी. घासताना पुष्कळदा कडेची घडणही जाते, मग कुळी कशी ओळखावी? म्हणून शाळेत दगड, शंख, बिया, काहीही जमवाल तर प्रत्येकाबरोबर एक चिठ्ठी ठेवा : कोठे मिळाले, किती खोलीवर, खाली काय होते, वर काय होते, कोणी आणले, कोणत्या दिवशी. वस्तूला नाव नंतरही देता येते. जागा नंतर सांगता येत नाही. आणि खडकातला जीवाश्म दिसला तर तो उकरून आणण्याआधी त्याचे चित्र काढा, जागा टिपा आणि जवळच्या कॉलेजातल्या भूगर्भशास्त्राच्या प्राध्यापकांना कळवा.

हे काम मोठ्या विद्यापीठांतच होते असे समजू नका. बाग ज्या धार जिल्ह्यात आहे, तेथल्याच बाकानेर गावच्या शाळेतले शिक्षक विशाल वर्मा यांनी सुटीच्या दिवसांत रानोमाळ हिंडून डायनोसॉरांची अंडी शोधून काढली. नर्मदेच्या त्या भागातल्या ९२ घरट्यांचा आणि २५६ अंड्यांचा जो अभ्यास २०२३ साली प्रसिद्ध झाला, त्याच्या लेखकांत त्यांचे नाव आहे. त्यांच्यापाशी होती ती पाहण्याची सवय आणि टिपून ठेवण्याची शिस्त.

आपल्या मुलांना ही सवय लावायला ॲमोनाइटच पाहिजे असे नाही. उद्या वर्गात ज्वारीचे, बाजरीचे, गव्हाचे आणि हरळीचे एकेक ताट आणा. मुलांना विचारा, यांत भावकी कोणाकोणाची, आणि कशावरून? ‘कशावरून’ या शब्दावर जोर द्या. पान पाहतील, पेर पाहतील, कणीस पाहतील, एकमेकांशी भांडतील, पुन्हा पाहतील. त्या भांडणातूनच वर्गीकरण त्यांच्या अंगी लागेल.